बाजाराच्या दुसऱ्या दिवशी

(जिल्हा बैठकीत दुपारच्या सत्रात झालेले भाषण. बोलण्याची धाटणी तशीच ठेवून छापले आहे.)



सकाळपासून भाव झाला, कर्ज झाले, पीकविमा झाला. ठराव वाचून झाले, हात वर झाले. आता जेवणे उरकल्यावर, डोळ्यांवर झापड यायच्या वेळी मला विषय दिला आहे ‘उमेद’. हा विषय निघाला कसा तेही सांगतो. मागच्या बैठकीत एका तालुक्याच्या कार्यकर्त्याने तक्रार केली, की मेळाव्याहून परतलेला माणूस दोन दिवस ताठ चालतो आणि तिसऱ्या दिवशी पारावर मान खाली घालून बसलेला दिसतो. पुढच्या मेळाव्यापर्यंत त्याला धरून कोणी ठेवायचे? निदान दर आठवड्याची सुरुवात बऱ्या मनाने व्हावी, असे काही करता येईल का?

प्रश्न रास्त आहे. पण उमेद हा शब्द ऐकला की मला जरा धास्तीच वाटते. शेतकऱ्याला उमेद वाटत फिरणाऱ्यांची या देशात वाण नाही. आत्महत्यांचे आकडे छापून आले की लावा कीर्तने, ठेवा व्याख्याने, शिकवा प्राणायाम. जणू काही आमच्या मनात बिघाड झाला म्हणून आमची शेती तोट्यात गेली! १९ ऑगस्ट २०२५ ला केंद्र सरकारने कापसावरचे ११ टक्के आयात शुल्क उठवले. आधी सांगितले सप्टेंबरअखेरपर्यंत, मग मुदत वाढवली डिसेंबरअखेरपर्यंत. म्हणजे नेमकी आपली पहिली-दुसरी वेचणी घरात यायची वेळ. त्या हंगामाचा हमीभाव कागदावर होता मध्यम धाग्याला ७,७१० रुपये आणि लांब धाग्याला ८,११० रुपये क्विंटल. गावात आलेल्या व्यापाऱ्याने काय भाव दिला, ते तुम्हांला मी सांगायला नको. अशा माणसापुढे उभे राहून कोणी ‘चांगले विचार करा’ म्हणू लागला तर ती थट्टा होते. मी तसले काही सांगणार नाही.

मात्र दुसरी बाजूही आहे. भावाचा प्रश्न एका हंगामात सुटणारा नाही, हे इथे बसलेल्या प्रत्येकाला कळते. तो सुटेपर्यंत रोज उठायचे आहे, गुरांचे शेण काढायचे आहे, औत धरायचे आहे, पोराच्या फीचे बघायचे आहे. लढाई लांबणीची असली की बैलाची ताकद राखून चालावे लागते. पहिल्याच तासाला बैल घामाघूम केला तर पट्टी पुरी होत नाही. तेव्हा विषय किरकोळ नाही. फक्त तो आपल्या बांधावरून बघितला पाहिजे.

पहिला प्रश्न असा, की आपला आठवडा सुरू कधी होतो? शहरातल्या नोकरदाराचा सोमवारी होतो. आपल्याकडे दिवस मोजायची मापे दोन. पेरणीपाण्याचे माप नक्षत्राचे. मृग, आर्द्रा, पुनर्वसू, एकेक तेरा-चौदा दिवसांचे. आणि घरातल्या मीठ-मिरचीचे माप बाजाराचे. ज्या वारी बाजार, त्या वारी आपला आठवडा भरतो. मजुरांचे पैसे त्या दिवशी चुकते करायचे, किराणा त्या दिवशी आणायचा, पास पाजवायला लोहाराकडे त्या दिवशी जायचे, डॉक्टर त्या दिवशी, पोरीच्या सासरकडची भेट त्या दिवशी. अडत्याला तोंड दाखवायचे तेही त्याच दिवशी, नाहीतर तोंड चुकवून मागच्या गल्लीने निघायचे. कोणाचा आठवडा गुरुवारी सुरू होतो, कोणाचा रविवारी. आपला सोमवार म्हणजे बाजाराचा दुसरा दिवस.

आता त्या दुसऱ्या दिवशी सकाळी आपल्या घरात काय असते ते आठवा. पिशवीत तेलाची बाटली असते, पण खिसा रिकामा असतो. बाजारात कोणाचा तरी कापूस आपल्यापेक्षा चढ्या भावाने गेल्याची बातमी कानात असते, ती खरी की खोटी देव जाणे. उधारीच्या वहीत एक ओळ वाढलेली असते. घरधनी रात्री उशिरा आलेला असतो, काही घरी तो जरा झुलतच आलेला असतो, आणि मग रात्री जे बोलणे व्हायचे ते झालेले असते. मायबहिणी मान डोलावताहेत, म्हणजे मी फार वावगे सांगत नाही. सकाळी चहा होतो तो कोणी कोणाशी न बोलता. आणि त्या सकाळी शेतात निंदणीचे अर्धे रान पडलेले असते, ते मागच्याच आठवड्यातले असते.

सुरुवात वाईट होते ती इथे. नवा आठवडा नवा नसतोच, जुन्याचेच शेपूट पुढे ओढले जात असते.

या रिकाम्या खिशाच्या मुळाशी जी गोष्ट आहे ती मी जरा नीट सांगतो, कारण ती आपण लाजेने बोलत नाही. वेचणीच्या दिवसांत बाजाराच्या आदल्या संध्याकाळी गावात टेम्पो येतो. काटा टेम्पोलाच लटकवलेला असतो. उद्या बाजार, हातात पैसा नाही, मजुरांचे द्यायचे आहेत. मग ओसरीतल्या ढिगातून पंधरा-वीस किलो कापूस गाठोड्यात बांधून बाई किंवा पोरगा टेम्पोकडे जातो. बाजारापुरता कापूस! भाव विचारायची सोय नाही, काटा बघायची सोय नाही. वीस किलोवाल्याशी कोण घासाघीस करतो? समजा, बाजार समितीतल्या भावापेक्षा क्विंटलमागे पाचशे रुपये कमी मिळाले. वीस किलोमागे शंभर रुपये गेले. काट्यात किलोभर गेला तो निराळा. अशा दहा बाजारांचे हजारावर रुपये होतात, आणि ते कोणाच्या वहीत लिहिलेले नसतात. वर असे, की गाडीभर कापूस एकदम जमतच नाही, म्हणून खरेदी केंद्राची वाट आपल्याला लांब पडते. हमीभावासाठी आपण इथे ठराव करतो आणि हमीभावाच्या दारापर्यंत जाणारा माल बाजाराच्या आदल्या संध्याकाळी वीस-वीस किलोने घरातून निघून जातो. यात दोष त्या बाईचा नाही, पोराचाही नाही. सात दिवसांच्या खर्चाला लागणारी चार-पाचशे रुपयांची मोड घरात नसणे, ही ती गोष्ट आहे.

आता थोडे मागे नेतो. आपल्याच कापसाची गोष्ट आहे, फक्त त्याच्या दुसऱ्या टोकाची. मुंबईच्या गिरण्यांत आपला कापूस कातला जायचा आणि तो कातणारी माणसेही कोरडवाहू गावांतून पोट भरायला गेलेली. त्यांना आठवड्याची ठरलेली सुट्टी नव्हती. यंत्रे साफ करायला बंद ठेवतील तेवढाच विसावा, तोही पुरा नाही. नारायण मेघाजी लोखंडे हे जोतीराव फुल्यांचे सहकारी, ‘दीनबंधु’ चालवणारे. त्यांनी १८८४ साली गिरणी कामगारांची सभा घेऊन मागण्या मांडल्या, त्यांत पहिली मागणी होती रविवारच्या सुट्टीची. मागणी लावून धरायला सहा वर्षे लागली. २४ एप्रिल १८९० ला महालक्ष्मीच्या मैदानावर दहा हजार कामगार जमले. त्या सभेत दोन कामगार बायांनीही भाषणे केली. १० जून १८९० ला मालकांनी आठवड्याची सुट्टी कबूल केली.

लोखंड्यांनी पगारवाढ आधी का मागितली नाही, असे कोणी विचारील. पगाराचीही मागणी होतीच. पण सातवा दिवस आपला असला, तरच माणसाला सभेला जाता येते, घरचे बघता येते, हिशेब करता येतो, आणि आठव्या दिवशी कामावर जाताना तो कालचाच थकलेला माणूस नसतो. रविवार मिळाला म्हणून गिरणी कामगाराला सोमवार मिळाला. ही साधी गोष्ट आहे, पण कापूस कातणाऱ्याला मिळालेली ही चीज कापूस पिकवणाऱ्याला अजून कोणी दिलेली नाही. आणि आपल्याला द्यायला मालकही नाही. मागायची कोणाकडे? गुरांना रविवार कळत नाही, बोंडअळीला कळत नाही.

आपल्या जुन्या लोकांनी मात्र आपल्या परीने सोय केली होती. अमावस्येला औत धरायचे नाही, पोळ्याला बैलाच्या खांद्यावर जू द्यायचे नाही. काही भागांत सोमवारी बैल जुंपत नसत. आपण शिकलो आणि याला खुळचटपणा म्हणून हसलो. देवाधर्माचा भाग बाजूला ठेवा. त्या निमित्ताने बैल उभा राहायचा आणि बैल उभा राहिला की गडीही उभा राहायचा. आता ट्रॅक्टरला अमावस्या नाही आणि बॅटरीच्या पंपाला पोळा नाही. २०१७ च्या हंगामात यवतमाळ जिल्ह्यात फवारणीच्या विषबाधेने वीसपेक्षा जास्त शेतकरी-शेतमजूर मेले. औषधांची मिश्रणे, डोक्याइतकी वाढलेली पऱ्हाटी, तोंडाला फडके नाही, ही कारणे आपण सगळ्यांनी वाचली. पण त्यांतले कितीतरी जण रोजाने पंप पाठीवर घेऊन एका शेतातून दुसऱ्या शेतात, दिवसामागून दिवस फवारत होते. मधे एक कोरडा दिवस नाही, अंगातले विष उतरायला उसंत नाही. आठवडा न संपण्याची किंमत कधी कधी एवढी मोठी असते.

म्हणून माझे म्हणणे एवढेच, की आठवडा चांगला सुरू व्हायचा असेल तर आधी मागचा आठवडा मिटवा. आणि तो बाजाराच्या दिवशी मिटत नाही, कारण त्या दिवशी चारचौघांत आपण असतो. तो मिटतो आदल्या संध्याकाळी, घरात.

बाजाराच्या आदल्या संध्याकाळी, टेम्पो यायच्या आधी, नवरा-बायकोने आणि हाताशी आलेल्या पोराने अर्धा तास बसावे. पोराच्या जुन्या वहीचे पाठकोरे पान चालेल. मजुरीचे किती, किराण्याचे किती, औषधाचे किती, हातात किती. बाईला विचारल्याशिवाय हा हिशेब जमत नाही, कारण घरात तेल किती उरले आहे ते तिलाच ठाऊक. घरधन्याला वाटते आपण सगळे एकट्याने डोक्यात वाहतो आहोत, आणि तीही तसेच वाहत असते. दोघांची ओझी एका कागदावर आली की निम्मी वाटतात असे मी म्हणणार नाही, कर्जाचा आकडा कागदावर लिहिल्याने कमी होत नाही. पण रात्री आढ्याकडे बघत तोच आकडा पुन्हा पुन्हा मोजणे थांबते. आणि बाजारात किती खर्चायचे ते घरातच ठरलेले असले की मागच्या गल्लीने जायची पाळी कमी येते.

आमच्या भागातल्या एका वाडीत बायांनी यापुढचे पाऊल टाकले. त्यांचा बचत गट होता, पैसे बँकेत पडून असायचे आणि बाया टेम्पोला कापूस घालायच्या. मग एकीच्या ध्यानात आले, की गटाचे कर्ज आपण लग्नाला आणि म्हशीला देतो, बाजाराला का देत नाही? वेचणीचे दोन महिने गट प्रत्येकीला बाजारापुरते पैसे उचल देतो. कापूस घरात साठतो, चार-पाच घरांचा मिळून एका गाडीत भरतात, ओला-सुका वेगळा ठेवतात. ओलाव्याचे तुम्हांला माहीत आहे, पुरा हमीभाव ८ टक्क्यांना, त्यापुढे कपात, १२ च्या वर गेला की केंद्र घेतच नाही. म्हणून त्या बाया दव उतरल्यावरच वेचायला जातात. गाडी विकली की उचल परत. पुरुष मंडळी आधी हसली, आता गाडीवर बसून तीच जातात! ज्वारीला तर बाजार समितीच्या गोदामात माल ठेवून तारण कर्ज घ्यायची योजना १९९०-९१ पासून आहे. १८० दिवसांची मुदत, व्याज ६ टक्के. आपल्या तालुक्याची समिती ती राबवते का, हे विचारायला आपल्यापैकी किती जण गेले? हात वर करा म्हणत नाही.

आता दुसऱ्या दिवसाची सकाळ. या सकाळी घरातून सरळ कामाला जुंपून घेऊ नका. आधी शेताला एक फेरी. हात मागे बांधून, काही न करता, फक्त बघत. आपण शेतात जातो ते काम करायला, त्यामुळे आपल्याला ज्या ओळीत काम असते तीच दिसते. कापसाला एकरी दोन कामगंध सापळे लावलेले असतील तर त्यांतले पतंग मोजा. सलग तीन रात्री सापळ्यामागे आठ-आठ पतंग सापडले, तर बोंडअळी उंबऱ्यापाशी आली असे समजा. फुलांच्या दिवसांत डोमकळ्या बघा. नंतर वेगवेगळ्या झाडांची वीस हिरवी बोंडे तोडून फोडा. दोन किडकी निघाली तर फवारणीची वेळ झाली, एकही निघाले नाही तर शेजारी फवारतो म्हणून आपण फवारायचे कारण नाही. धास्तीने मारलेला एक पंप वाचला, तर एका बाजाराचा खर्च सुटतो.

शाळूवाल्यांना तर आठवडे मोजायलाच लागतात. पेरणीपासून तिसऱ्या आठवड्यात पहिली कोळपणी, पाचव्या आठवड्यात दुसरी, आणि आठव्या आठवड्यात, भेगा पडू लागल्या की, दातेरी कोळप्याने तिसरी. एक कोळपणी म्हणजे अर्धे पाणी, हे आपले म्हातारे सांगायचे आणि विद्यापीठवालेही तेच सांगतात. भारी रानात जमिनीत धरलेल्या ओलीवरच हे पीक उभे राहते, वरून पाऊस येईलच असे नाही. आता गंमत बघा. कोरडवाहू शेतकऱ्याच्या हातात काय असते? पाऊस नाही, भाव नाही, आयात-निर्यात तर नाहीच. पण पाचव्या आठवड्यातली कोळपणी पाचव्याच आठवड्यात करणे हातात असते. एवढेच हातात आहे म्हणून रडायचे की एवढे तरी आहे म्हणून धरायचे, ते ज्याने त्याने ठरवावे. मी एवढे पाहिले आहे, की फेरी मारून आल्यावर ‘या आठवड्यात हे एक काम पुरे करायचे’ असे ज्याने घरात सांगितले, त्याच्याशी दुसऱ्या दिवशी बोलणे सोपे जाते. एकच काम. सात कामांची यादी केली की पहिल्याच पावसात ती वाहून जाते. २०२५ च्या सप्टेंबरमध्ये मराठवाड्यात ज्यांची पिकेच नव्हे तर मातीसुद्धा वाहून गेली, त्यांना हे सांगताना माझी जीभ अडखळते. तिथे पहिले काम पंचनाम्याचे होते, आणि तेसुद्धा एकट्याने करायचे काम नव्हते.

यावरून शेवटचे. ज्याला फेरीच मारावीशी वाटत नाही, त्याचे काय? बाजाराला जायचे टाळतो, दाढी वाढली आहे, बैलाकडे बघत नाही, बोलला तर ‘आता काय राहिले’ एवढेच बोलतो. असा माणूस प्रत्येक गावात आहे आणि तो बैठकीला येत नाही. त्याला भाषण देऊ नका. दुसऱ्या दिवशी सकाळी आपली फेरी त्याच्या बांधावरून काढा. ‘चल, तुझी बोंडे बघू’ म्हणा. पूर्वी इर्जिक करून आपण एकमेकांची राने उरकत होतो, तसे त्याचे एक दिवसाचे काम पाच-सहा औते जाऊन उरका. जेवण त्याच्या घरी मागू नका, आपापली भाकरी न्या. तो खिन्न असेल तर गावातल्या आशाताईच्या कानावर घाला, सरकारी दवाखान्यात याचा इलाज होतो. १४४१६ हा टेली-मानसचा फोन नंबर आहे, पैसे पडत नाहीत, मराठीत बोलतात. मी मघाशी व्याख्यानांची थट्टा केली, इलाजाची केलेली नाही. कर्जाला कर्जमुक्ती लागते आणि मनाच्या दुखण्याला डॉक्टर लागतो. एकाच घरात दोन्ही दुखणी असतात, तेव्हा दोन्ही बघावी लागतात.

मायबहिणींनो, तुमच्यासाठी एक वेगळी गोष्ट राहिली. सुट्टीचे एवढे बोललो, पण बैल उभा राहिला तरी चूल उभी राहत नाही. बाजाराच्या दिवशी घरधनी गावाला जातो, तुम्ही मात्र त्याही दिवशी वेचायला जाता. त्या दिवशी दुपारनंतर कोणी वेचणीला जायचे नाही, मजूर बायांनीसुद्धा नाही, असे एका गावाने ठरवले तर काय बिघडेल? गावानेच ठरवायचे, एका घराने ठरवून भागत नाही. लोखंड्यांना सहा वर्षे लागली. यावर पुरुषांच्या बाजूने कुजबूज ऐकू येते आहे, ती पुढच्या बैठकीत उभे राहून मोठ्याने करा.

गावोगावच्या कार्यकर्त्यांनी येताना एवढेच लिहून आणावे, की आपल्या गावचा बाजार कोणत्या वारी, आदल्या संध्याकाळी टेम्पोवर अंदाजे किती कापूस जातो आणि बाजार समितीतल्या भावापेक्षा किती कमी भावाने जातो. गावाचा आकडा समोर आला की उचल देण्याचे किती गटांना जमेल ते बसून बघू.

इथल्या काही जणांचा बाजार उद्याच आहे, म्हणजे त्यांची ती संध्याकाळ आजची. त्यांची एस.टी. साडेचारची आहे. त्यांना आधी उठू द्या, चहा बाकीच्यांनी घ्यावा.